उणे पाण्याचा काठ

इंदापूर तालुक्यात पळसदेव नावाची दोन गावं आहेत. एक पुणे-सोलापूर महामार्गालगतचं, दुसरं भीमेच्या पाण्याखालचं. उन्हाळ्यात पाणी ओसरलं की जुन्या पळसनाथाचं शिखर आधी डोकं वर काढतं. दुष्काळ कडक असेल तर थेट देवळापर्यंत चालत जाता येतं. बघ्यांची गर्दी होते. त्याच दिवसांत काठावरचा शेतकरी मोटार, केबल आणि पाइप घेऊन पाण्यामागे धावत असतो.

उजनीची पायाभरणी १९६६ साली यशवंतराव चव्हाणांच्या हस्ते झाली. धरण पुरं झालं १९८० मध्ये. एकूण साठा ११७ टीएमसी, त्यातले सुमारे ६३ ‘मृत’. टक्केवारी वरच्या ५३ वरच मोजतात, म्हणून पाणी मृतसाठ्यात उतरलं की आकडा उणे होतो. कागदावरच्या या मेलेल्या पाण्यावर इथला ऊस जगतो, भिगवणच्या बाजारातली चिलापीही. धरणाने ज्यांची काळी जमीन घेतली, त्यांच्यातले कितीतरी आज त्याच धरणाचं पाणी उपसतात. हा हिशेब पुनर्वसनाच्या फायलींत सापडत नाही.

रस्त्यांचंही तसंच. डिकसळला १८५८ च्या अखेरीस पुण्याहून रेल्वे पोचली होती. धरणामुळे लोहमार्ग हलला आणि तिथल्या जुन्या पुलावरून मोटारी धावू लागल्या. पलीकडे करमाळ्याचं कुगाव तिन्ही बाजूंनी पाण्यात, जवळजवळ बेटच. रस्त्याने मोठा वळसा पडतो, म्हणून लोक कळाशीहून बोटीने जात. २१ मे २०२४ च्या संध्याकाळी वादळी वाऱ्यात ती बोट उलटली आणि सहा जण बुडाले. पूल नसल्याचा खर्च कोणी कधी मांडला होता का?

काठाचंही एकमत नाही. कुंभारगावचा नावाडी पाणी उतरायची वाट पाहतो, कारण रोहित पक्षी उथळ दलदलीतच उतरतात आणि त्यांच्यामागे पर्यटक येतात. ऊसवाल्याला धरण तुडुंब हवं. आणि खाली सोलापूर शहर प्यायला पाणी मागतं, तेही रास्तच. २०२१ साली इंदापूरसाठी उजनीतून पाच टीएमसीचा आदेश निघाला. सोलापूर जिल्हा पेटला आणि मे महिन्यात तो रद्द झाला. लाकडी-निंबोडी उपसा योजनेलाही तिथून विरोध झाला; ती इंदापूरबरोबर बारामतीच्या कोरड्या गावांसाठी आहे.

पाण्याची वाटणी ठरते ती दूर, बैठकीत. काठावर त्या दिवशी एवढंच पाहतात, की कालची मोटार आज चिखलात आहे की पाण्यात.