गुंडाच्या वेषांतील कर्ण

कर्ण आम्हां मराठी वाचकांस परका नाहीं. शिवाजी सावंत ह्यांच्या १९६७ सालच्या 'मृत्युंजय' कादंबरीनें तो घरोघर पोंचविला. परंतु हाच कर्ण गुंडाच्या वेषांत आला तर त्याचें काय होतें, हें पाहावयाचें असल्यास मणिरत्नम् ह्यांच्या १९९१ सालच्या 'दळपति' ह्या तामिळ चित्रपटाकडे वळावें लागतें.

'दळपति' म्हणजे सेनापति. नायकाचें नांव सूर्य. त्याला जवळ करणारा गुंडनायक देवराज हा दुर्योधन. आणि जिल्हाधिकारी अर्जुन हा सूर्याचा सहोदर. कुमारी माता आपलें मूल नदींत न सोडतां मालगाडींत ठेवते, तेंही भोगीच्या दिवशीं; म्हणजे ज्या पोंगलास तामिळ जन सूर्याची पूजा करितात, त्याच्या पूर्वदिनीं. कवचकुंडलांची जागा अर्भकाभोंवतींच्या वस्त्रानें घेतली आहे. छायालेखक संतोष शिवन ह्यांनीं तर नायकाच्या मुखामागें वारंवार सूर्यबिंब योजिलें आहे.

हीं प्रतीकें केवळ अलंकार नव्हेत. मित्रासाठीं रक्त सांडणारा मनुष्य एरवीं आमच्या तिरस्कारास पात्र झाला असता. कर्णाची छाया पडतांच आम्ही त्याला आधींच क्षमा करूं लागतों. येथेंच पुराणकथेच्या सामर्थ्याबरोबर तिचा धोकाही दिसून येतो.

व्यासांचा कर्ण मैत्रीचें मोल प्राणांनीं चुकवितो. बी. आर. पंतुलु ह्यांच्या १९६४ सालच्या 'कर्णन्' चित्रपटांतही तो मरतो. 'दळपति'त मात्र देवराज मारला जातो आणि सूर्य जगतो. सेनापतीचें ऋण राजानें फेडावें, हा न्याय आम्हांस सहजीं पटत नाहीं.

तथापि दिग्दर्शकानें एक गोष्ट मोलाची साधिली आहे. महाभारतांतील कर्ण आपलें जन्मरहस्य दुर्योधनास कळूं देत नाहीं. येथें देवराजास तें कळतें. अर्जुन आपला भाऊ आहे हें जाणूनही सूर्य आपल्यापाशींच राहिला, हें समजतांच तो शस्त्र खालीं ठेवण्यास सिद्ध होतो. कुरुक्षेत्रावर मौनानें जें घडविलें, तें येथें एका सत्यवचनानें टळण्याच्या बेतांत येतें. सूर्याच्या हातून मेलेल्यांचा हिशेब त्यामुळें पुरा होत नाहीं, हें खरें. परंतु जुन्या कथेला नवा प्रश्न विचारण्याचें धैर्य ह्या चित्रपटानें दाखविलें, हें आम्ही मोकळ्या मनानें मान्य करितों.