वेबसाइटचा पत्ता कसा वाचावा? खरी आणि बनावट लिंक कशी ओळखावी?

‘तुमच्या वाहनाचे चलन थकीत आहे, आजच दंड भरा’ असा मेसेज येतो. खालच्या लिंकमध्ये ‘परिवहन’, ‘जीओव्ही’ असे ओळखीचे शब्दही असतात. तरीही ती लिंक सरकारी असेलच असे नाही. ते ठरते डोमेन नावावरून, म्हणजे वेबसाइटच्या मूळ पत्त्यावरून.

उजवीकडून वाचा

‘एचटीटीपीएस’ आणि त्यापुढच्या दोन तिरप्या रेघा सोडून द्या. त्यानंतर पहिली तिरपी रेघ (स्लॅश) येईपर्यंतचा भाग म्हणजे डोमेन. त्याचा शेवट (डॉट कॉम, डॉट टॉप) आणि शेवटाच्या लगेच डावीकडचा शब्द यांवरून मालक कळतो. त्याच्याही डावीकडे मालक हवे ते शब्द जोडू शकतो.

उच्चारानुसार लिहिलेली ही उदाहरणे पाहा:

- ईचलन डॉट परिवहन डॉट जीओव्ही डॉट इन: शेवट ‘जीओव्ही डॉट इन’. ही केंद्र सरकारची ई-चलन वेबसाइट.
- परिवहन डॉट जीओव्ही डॉट इन डॉट दंडभरा डॉट टॉप (काल्पनिक): खरा पत्ता ‘दंडभरा डॉट टॉप’. आधीचे सगळे केवळ सजावट.
- परिवहन-जीओव्ही डॉट इन (काल्पनिक): ‘जीओव्ही’आधी डॉट नाही, आडवी रेघ आहे. म्हणजे हे वेगळेच, खासगी नाव.

शेवटावरून काय कळते?

‘जीओव्ही डॉट इन’ फक्त सरकारी संस्थांना मिळते. नुसते ‘डॉट इन’ मात्र कोणीही पैसे भरून घेऊ शकतो. बँकांसाठी रिझर्व्ह बँकेने ‘बँक डॉट इन’ हा राखीव शेवट ठरवला असून, त्यावर जाण्यासाठी बँकांना ३१ ऑक्टोबर २०२५ची मुदत दिली होती.

कुलपाचे चिन्ह पुरेसे आहे का?

नाही. माहिती वाटेत कोणी वाचू शकणार नाही, एवढेच ते सांगते. पलीकडचा माणूस प्रामाणिक आहे की नाही, हे सांगत नाही. बनावट वेबसाइटलाही ते मिळते.

अक्षरांची फसवणूक

रोमन ‘आर’ आणि ‘एन’ शेजारी आले की ‘एम’सारखे दिसतात. घाईत वाचताना हा फरक लक्षात येत नाही.

शंका आल्यास

लिंक न उघडता पत्ता स्वतः टाइप करा. दंड भरण्यासाठी एपीके फाइल घ्यायला सांगितले, तर घेऊ नका. पैसे गेलेच, तर लगेच १९३० या राष्ट्रीय हेल्पलाइनवर फोन करा. तक्रार जितक्या लवकर, तितकी रक्कम अडवली जाण्याची शक्यता जास्त.