ताल घातली तर माती राहील



माण, खटाव, आटपाडी, जत हा आपला पट्टा कमी पावसाचा. पण तोच थोडा पाऊस कधीकधी तासाभरात कोसळतो. डोंगरावरून सुटलेले पाणी ओघळीत शिरते, ओघळीची घळ होते आणि घळ दरसाल शेताचा काठ खात पुढे सरकते. विहिरीचे आटलेले पाणी पुढच्या पावसाने परत येईल, वाहून गेलेली माती मात्र आपल्या हयातीत परत येत नाही. म्हणूनच ओघळीत दगडाची आडवी ताल घालायची रीत आपल्याकडे जुनी आहे.

महात्मा जोतीराव फुले यांच्या घराण्याचे मूळ गाव खटाव तालुक्यातील कटगुण. १८७६ ते १८७८ च्या मोठ्या दुष्काळानंतर, १८८३ साली त्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला. लष्कर व पोलिसातील जादा शिपाई लावून जागोजाग तालीसारखे बंधारे घालावेत, म्हणजे वळवाचे पाणी आधी शेतात मुरेल आणि मग ओढ्यानाल्याला मिळेल, असे त्यांनी त्यात सरकारला सुचविले. पाणलोट हा शब्द आपल्या कानी पडण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट.

त्याच दुष्काळात माण नदीवर राजेवाडीचा, म्हणजे म्हसवडचा, तलाव हाती घेतला गेला. तलाव उपयोगाचाच. पण तलाव असतो खाली आणि माती सुटते वर. वर अडवली नाही, तर ती खाली गाळ होऊन बसते.

पुढे १९४२ साली मुंबई इलाख्यात जमीन सुधारणा योजनांचा कायदा झाला आणि शेतातील बांधबंदिस्तीला जोर आला. १९६५ साली वि. स. पागे यांच्या कल्पनेतून तासगाव तालुक्यात रोजगार हमीचा प्रयोग झाला. १९७२ च्या दुष्काळात हजारो हात बांध, पाझर तलाव आणि नालाबांधाच्या कामावर लागले. १९७७ साली रोजगार हमीचा कायदाच झाला. अलीकडे २०१६ साली कोरेगाव तालुक्यातील वेळू गावाने आणि २०१८ साली माण तालुक्यातील टाकेवाडीने श्रमदानाच्या जोरावर पाणी फाउंडेशनच्या वॉटर कपमध्ये पहिला नंबर मिळविला.

या इतिहासातून एक गोष्ट ध्यानात घ्या. आपल्याला तालीची आठवण होते ती दुष्काळात. पाऊस चांगला झाला की ढासळलेला दगड कोणी उचलून ठेवत नाही. म्हणून सुगी उरकली, हाताला सवड मिळाली, की हे काम करा.

काम माथ्यापासून पायथ्याकडे करा. वरच्या लहान ओघळी आधी, मोठा ओढा शेवटी. अनघड दगडाचा बांध फार उंच नको. मीटरभराच्या आतच ठेवा. आधी पाया खोदा आणि दोन्ही टोके काठात चांगली घुसवा, नाहीतर पाणी बगलेने वाट काढून तुमचाच काठ तोडील. मोठे दगड बाहेरच्या अंगाला, लहान आत. मधला भाग टोकांपेक्षा सखल ठेवा, तोच सांडवा. सांडव्याखाली दगड पसरा, म्हणजे पडत्या पाण्याने खड्डा होणार नाही. दोन बांधांत किती अंतर ठेवायचे? वरच्या बांधाचा पायथा आणि खालच्या बांधाचा माथा एका पातळीत येईल इतके. चढ जास्त तिथे बांध जवळजवळ येतील.

या बांधात पाणी तुंबून राहत नाही, दगडांतून झिरपते. त्याचे काम पाण्याचा वेग मोडण्याचे. वेग मोडला की गाळ मागे बसतो, गाळावर गवत धरते आणि घळ हळूहळू भरू लागते. मात्र जिथे पाण्याचा लोंढा मोठा, तिथे सुटे दगड टिकणार नाहीत. तिथे जाळीतला किंवा सिमेंटचा बांध लागेल. त्यासाठी सहाय्यक कृषी अधिकाऱ्याचा सल्ला घ्या. आणि दगड मिळावा म्हणून उतारावरचे रुतलेले दगड उपटू नका. ते तिथली माती धरून आहेत.

पहिला मोठा पाऊस झाला की ओघळीवर एक चक्कर टाका. निसटलेले दगड त्याच दिवशी जागी बसवा. वरचा आणि खालचा शेतकरी मिळून गेले तर अधिक बरे, कारण ओघळ काही सातबारा बघून वाहत नाही.