केरसुणी : लक्ष्मी आणि तिचे कारागीर

लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी पाटावर नाणी, दागिने, हिशेबाची वही मांडतात आणि शेजारी नवी केरसुणी ठेवतात. तिला हळदकुंकू वाहतात, ‘लक्ष्मी’ म्हणतात. घरातल्या वस्तूंभोवतीच्या समजुती गोळा करताना इतक्या परस्परविरोधी भावना एकवटलेली दुसरी वस्तू मला आढळली नाही.

केरसुणीला संस्कृतात ‘वर्धनी’ असे एक नाव आहे, कोकणात तिला ‘वाढवण’ म्हणतात. जी घरातले बाहेर टाकते तिलाच वाढवणारी म्हणायचे! घरोघरच्या निषेधांतही हीच धास्ती दिसते. दिवेलागणीनंतर केर काढू नये. केरसुणीला पाय लागल्यास नमस्कार करावा. कोणी गावाला निघाले की पाठोपाठ घर झाडू नये, कारण तसे प्रेत उचलल्यावर झाडतात. केराबरोबर घराचे भाग्यही उंबरठ्याबाहेर जाईल, ही भीती यामागे आहे.

मूर्तिशास्त्रात तर केरसुणी लक्ष्मीच्या नव्हे, तिच्या थोरल्या बहिणीच्या, ज्येष्ठेच्या संगतीला आहे. ज्येष्ठा म्हणजेच अलक्ष्मी. तिच्या ध्वजावर कावळा. गाढवावर बसणाऱ्या शीतलादेवीच्याही हातात केरसुणी आणि डोक्यावर सूप असते. आश्विन अमावास्येच्या मध्यरात्रीनंतर स्त्रियांनी सुपे आणि वाद्ये वाजवीत अलक्ष्मीला अंगणातून हाकलावे, असा विधी धर्मशास्त्राच्या ग्रंथांत आहे. म्हणजे दैन्य झाडून काढणारी, म्हणून केरसुणी लक्ष्मी. आणि दैन्याला सतत स्पर्श करणारी, म्हणून ती अलक्ष्मीचीही.

एका वस्तूत सामावलेला हा विरोध समाजाने माणसांत मात्र वाटून टाकला. शिंदीची पाने तोडून, वाळवून, बांधून केरसुणी करण्याचे काम परंपरेने मातंग समाजाकडे होते. दोर वळणेही त्यांच्याकडेच. त्यांनी केलेली केरसुणी देवघरापर्यंत जाई. करणाऱ्याने मात्र उंबरठ्याबाहेर थांबायचे. जोतीराव-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकलेल्या मुक्ता या मातंग मुलीने १८५५ मध्ये ‘ज्ञानोदय’त मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला, तो याच समाजाचा आवाज. पेशवाईतल्या पुण्यात अस्पृश्याला आपली पावले पुसण्यासाठी कमरेला झाडू बांधावा लागे, असे डॉ. आंबेडकरांनी १९३६ च्या ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये लिहिले. एका घरात जी लक्ष्मी, तीच दुसऱ्याच्या कमरेला विटाळाची खूण.

गाडगेबाबांचे (१८७६–१९५६) वेगळेपण मला इथे जाणवते. त्यांनी खराट्याची पूजा मांडली नाही. तो हाती घेऊन दिवसा गाव झाडले आणि रात्री कीर्तनात अस्पृश्यतेवर कोरडे ओढले. झाडणे हे खालच्या मानलेल्यांचेच काम, ही समजूत त्यांनी कृतीने मोडली. लोकांनी खराटा त्यांच्या तसबिरीत ठेवला, स्वतःच्या हाती घेतला तो थोड्यांनीच.

आता रोजच्या झाडलोटीला फुलझाडू आणि प्लॅस्टिकचे झाडू आले. शिंदीची केरसुणी बहुतेक शहरी घरांत पूजेपुरती उरली आहे. वसुबारसेपासून बाजाराच्या कडेला तिचे ढीग लागतात. पाने तोडताना हाताला काटे लागतात, ती वाळवायला दिवस जातात. हे ठाऊक नसलेले गिऱ्हाईक त्या लक्ष्मीसाठी पाच रुपयांची घासाघीस करते आणि घरी नेऊन तिच्यापुढे हात जोडते. केरसुणीच्या इतिहासात या दोन्ही गोष्टींची नोंद शेजारीशेजारीच करावी लागते.