सुई आणि कटलरी

महाराष्ट्रातल्या बहुतेक तालुक्यांच्या पेठेत ‘कटलरी’ अशी पाटी लावलेले एखादे तरी दुकान असते. आत टिकल्या, बांगड्या, रिबिनी, केसांचे चाप, कंगवे, बटणे, दोऱ्याची रिळे, सेफ्टी पिना आणि सुया मिळतात. इंग्रजीत हा शब्द ज्या वस्तूंसाठी आहे त्या सुऱ्या आणि काटेचमचे मात्र तिथे बहुधा नसतात. त्यांच्यासाठी भांड्यांच्या दुकानात जावे लागते. भाषेच्या वर्गात हे उदाहरण दिले की विद्यार्थी हसतात, आणि आम्हीही ‘अर्थांतर’ एवढा शेरा मारून पुढच्या शब्दाकडे वळतो. इतक्या वर्षांनी आम्हांला वाटू लागले आहे की आपण फार लवकर वळलो. ही पाटी एका जुन्या व्यापाराची खूण आहे, आणि त्या व्यापाराचा इतिहास शब्दकोशातून वाचू पाहणाऱ्याला भाषा कशी चकवते हेही तिच्यावरून कळते.

ब्रिटिश हिंदुस्थानच्या सागरी व्यापाराचे जे वार्षिक तक्ते सरकार छापत असे, त्यांत ‘हार्डवेअर आणि कटलरी’ असे एक सदर होते. घरगुती हत्यारांचा मोठा भाग या सदरात मोडे. चाकू, कातऱ्या, वस्तरे, सुया असा माल त्याच पेढ्यांमार्फत, त्याच जहाजांनी मुंबई बंदरात उतरे आणि घाऊक बाजारातून गावोगाव जाई. वाटेत त्याला सोबत मिळे ती काचेच्या मण्यांची, फण्यांची, आरशांची. पुढे चाकू-सुऱ्या वेगळ्या दुकानांत गेल्या आणि सुई, पिन, रिबीन यांच्यापाशी नाव तेवढे उरले, असे आमचे अनुमान आहे. जकातखात्याच्या सदराचा एक तुकडा असा बांगड्यांच्या दुकानावर येऊन बसला.

या व्यापारात सुईइतकी बोलकी वस्तू दुसरी नाही. ‘स्वातंत्र्य मिळाले तेव्हा या देशात साधी सुईसुद्धा बनत नव्हती’ हे वाक्य आपण सभांतून आणि वर्तमानपत्रांतून इतक्या वेळा ऐकले आहे, की त्यातल्या ‘साधी’ या विशेषणाकडे कुणाचे लक्षच जात नाही. कुणी ते पुढील काळातील प्रगती दाखवण्यासाठी म्हणतो, कुणी त्याची टिंगल करतो. सुई ही क्षुल्लक वस्तू आहे याविषयी दोघांचे एकमत असते. हे एकमत साहित्याने घडवले आहे. सुईच्या अग्रावर मावेल एवढीही भूमी पांडवांना देणार नाही असे दुर्योधन म्हणतो, तेव्हापासून सुई हे आपल्याकडे अल्पत्वाचे माप होऊन बसले. संतवाङ्मयात ती वेगळ्या रूपाने येते. नामदेव जातीने शिंपी. त्यांची म्हणून जी पदे शिखांच्या ग्रंथात समाविष्ट आहेत त्यांत गज, कातर, सुई आणि दोरा ही भक्तीची उपकरणे होतात. तिथे सुई क्षुल्लक नाही, कारण तिथे बोलणारा तिच्यावर पोट भरणारा आहे. राजकीय वक्तृत्वाने मात्र दुर्योधनाची सुई उचलली, नामदेवांची नव्हे.

कारखानदारीच्या दृष्टीने सुई अजिबात साधी नाही. एकोणिसाव्या शतकात जगभर ज्या सुया जात त्यांचे सर्वांत मोठे केंद्र इंग्लंडच्या वूस्टरशर परगण्यातील रेडिच हे गाव आणि त्याचा परिसर होता. पोलादी तारेचे दोन सुयांच्या लांबीचे तुकडे करायचे, त्यांची दोन्ही टोके दगडावर धरून अणकुचीदार करायची, मधोमध दोन नेढी ठोकायची, मग तुकडा मोडून दोन सुया वेगळ्या करायच्या. त्यानंतर घासणे, तापवून पाणी देणे, आणि हजारो सुया जाड कापडात साबण व कुरुंदाच्या पुडीबरोबर गुंडाळून पाणचक्कीच्या जोरावर कित्येक दिवस घोळत ठेवणे. अ‍ॅडम स्मिथने १७७६ साली श्रमविभागणी समजावून देताना टाचणीचा कारखाना घेतला. दहा माणसे दिवसाला ४८,००० टाचण्या करतात हा त्याचा हिशेब अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांना पाठ असतो. सुईला त्याहून अधिक हात लागत. टोके काढणारे कामगार कोरड्या दगडावर काम करीत, आणि दगडाची व पोलादाची धूळ त्यांच्या छातीत साठे. एंगल्सने १८४५ साली शेफील्डच्या चाकू-काट्यांना कोरड्या दगडावर धार लावणाऱ्यांविषयी लिहिले आहे, की ते जेमतेम पस्तिशी गाठत. धूळ ओढून घेणारी साधने निघाली तेव्हा कामगारांनीच त्यांना विरोध केला. धोका गेला तर धोक्याची जादा मजुरीही जाईल, आणि नवे हात या धंद्यात शिरतील, ही त्यांची भीती. आमच्या आज्या-पणज्यांनी गोधड्या शिवल्या त्या सुयांच्या टोकाशी हे सारे होते. कोणत्याही शब्दकोशात ते सापडणार नाही.

१८८२ साली हिंदुस्थान सरकारने मोजके पदार्थ वगळून बाकीच्या आयातीवरील जकात उठवली, आणि १८९४ साली पैशाची ओढाताण झाल्यावर सर्वसाधारण मालावर ती पुन्हा पाच टक्के बसवली. मधली बारा वर्षे विलायती सुई विनाजकात येत होती. पण देशी सुई मागे हटली ती केवळ जकातीमुळे, असे आम्हांला वाटत नाही. कातरीशी तुलना केली म्हणजे हे ध्यानात येते. विलायती कातऱ्याही आल्या, तरी मेरठचा कातरीचा धंदा मोडला नाही. शतकांची परंपरा सांगणाऱ्या त्या कातरीला २०१३ साली भौगोलिक मानांकनही मिळाले. कातर लोहाराला भंगार लोखंडातून घडवता येते. बोथट झाली की धार लावता येते, खिळा ढिला झाला की ठोकून बसवता येतो. तिच्याभोवती दुरुस्तीचे एक जग असते, आणि खांद्यावर चाक घेऊन आळीआळीने हिंडणारा धारवाला हा त्या जगाचा शेवटचा प्रतिनिधी. सुईला दुरुस्ती नाही. मोडली की टाकायची. ती एकसारखी, गुळगुळीत आणि स्वस्त असली पाहिजे, आणि या तिन्ही गोष्टी एकदम साधायला तारेचा व यंत्राचा कारखानाच लागतो. पोती शिवायचा दाभण घिसाडी घडवू शकतो; मलमलीतून जाणारी सुई रेडिचच्या भावात घडवणे त्याच्या आवाक्याबाहेरचे होते.

विळी हे दुसऱ्या टोकाचे उदाहरण. शेफील्डने सर्व जगाला सुऱ्या पुरवल्या, पण मराठी स्वयंपाकघरात विळीची जागा सुरीला फार काळ घेता आली नाही. कारण जकातीत नव्हते, बसण्याच्या पद्धतीत होते. विळीवर बसणारी बाई पाट पायाने दाबून धरते आणि पाते स्थिर ठेवून भाजी त्याच्याकडे नेते. सुरीला ओटा किंवा टेबल लागते. उभ्याचा ओटा घराघरांत आला तेव्हा विळी मागे पडू लागली. गिऱ्हाइकाची सवय इंग्रज कारखानदारांना कळत नव्हती असे मात्र नाही. पूर्वेकडील कोदाळी आणि दक्षिणेतील मम्मटी या कुदळ-फावड्यांच्या प्रकारांची नावे त्यांनी आपल्या सूचीपत्रांत जशीच्या तशी घेतली होती. शब्द दोन्ही दिशांनी प्रवास करतात. आपण बहुधा एकाच दिशेचे मोजतो.

आता शब्दांकडे येऊ. घरातली हत्यारे आणि उपकरणे त्यांच्या नावांवरून लावायची ठरवली तर एक गंमतीची रांग लागते. सुई आणि कातर संस्कृतातून आलेल्या. चाकू, वस्तरा, रंधा फारसीच्या वाटेने आले. अडकित्ता कानडीशी नाते सांगतो. इस्त्री आणि चावी ही पोर्तुगिजांची देणगी. लाकडाला भोक पाडणारे गिरमिट म्हणजे इंग्रजांचे गिम्लेट. (मळ्यांवर पाठवलेल्या मजुरांचे ‘गिरमिट’ वेगळे, ते ‘अ‍ॅग्रीमेंट’चे रूप.) या रांगेकडे पाहून कुणी म्हणेल की विलायती व्यापाराने आपल्या घरात गिरमिट तेवढे आणले. वस्तुस्थिती उलटी आहे. गिरमिट सुताराच्या पेटीत एखादे. सुई घरोघर, आणि ती परदेशी. पण तिला नवे नाव घ्यावे लागले नाही; जुन्या नावाने नवी वस्तू पोटात घेतली आणि मागमूस ठेवला नाही. परभाषी शब्द मोजून परकीय प्रभाव मोजण्याची जी पद्धत आपण विद्यार्थ्यांना शिकवतो, तिला हा मोठाच अपवाद आहे. जी वस्तू सर्वांत पूर्णपणे परदेशी झाली तिचेच नाव सर्वांत देशी राहिले.

तिचा आवाजही देशीच होता. ‘सुया घे, पोत घे, बिब्बे घे’ अशी हाळी देत हिंडणाऱ्या वैदू आणि इतर भटक्या जमातींच्या स्त्रिया महाराष्ट्राने पिढ्यानपिढ्या पाहिल्या आहेत. मराठी ग्रामीण साहित्याच्या वाचकाला ती हाळी ओळखीची वाटेल, आणि आपण ती लोकजीवनाचा अस्सल नाद म्हणून टिपून ठेवतो. पण त्या टोपलीत काय होते? बिब्बे रानातले, सुई रेडिचची, आणि पोत, म्हणजे काचेचे बारीक मणी, ते व्हेनिसचे किंवा बोहेमियाचे असण्याचा संभव बराच. जागतिक व्यापाराचा शेवटचा कोस ज्या बायका पायी चालल्या, त्यांना गावात वस्तीलाही जागा नव्हती.

सुईवर कुणी मुलूख कोरला नाही. चाकूवर आणि कातरीवर कोरला. जर्मनीतील झोलिंगनचा स्वस्त माल शेफील्डच्या नावाने खपतो या तक्रारीतून इंग्लंडात १८८७ साली व्यापारचिन्हांचा कायदा झाला, आणि १८८९ साली तशाच धर्तीचा हिंदुस्थानात. ‘मेड इन इंग्लंड’, ‘मेड इन जर्मनी’ ही अक्षरे त्यामुळे घराघरांत पोचली. कित्येकांनी वाचलेली पहिली इंग्रजी अक्षरे पात्यावरची असतील. या शिक्क्याचा मान केवढा होता हे अर्देशीर गोदरेज यांच्या प्रसिद्ध हकिकतीवरून दिसते. कुलपांकडे वळण्यापूर्वी त्यांनी शस्त्रक्रियेची हत्यारे, चिमटे, कातऱ्या बनवल्या. माल पसंत पडला. पण त्यावर हिंदुस्थानचे नाव घालायला विकत घेणारा तयार होईना, आणि नावाशिवाय विकायला गोदरेज तयार होईनात. १८९७ साली त्यांनी मुंबईत कुलपांचा कारखाना काढला.

स्वदेशीच्या चळवळीने हत्यारांकडे मात्र कपड्यासारखे पाहिले नाही. १९०५ च्या ऑक्टोबरात पुण्यात विदेशी कपड्यांची होळी झाली. सुया कुणी त्यात टाकल्या नाहीत, आणि टाकल्या असत्या तरी त्या जळाल्या नसत्या. स्वदेशी कापड शिवायला सुई लागे ती विदेशीच. हा पेच गांधीजींना चांगला ठाऊक होता. १९०९ च्या ‘हिंद स्वराज्य’मध्ये यंत्रांची चर्चा करताना त्यांनी टाचणीचा प्रश्न स्वतः उपस्थित केला आहे. यंत्राशिवाय ती करता येत नसेल तोवर टाचणीवाचून राहू, हे तिथले त्यांचे उत्तर. १९२५ च्या मार्चमध्ये ‘यंग इंडिया’त तेच लिहितात, की आपण शस्त्रक्रियेची हत्यारे इंग्लंडची घेतो, टाचण्या आणि पेन्सिली ऑस्ट्रियाच्या, घड्याळे स्वित्झर्लंडची, कापड मात्र इंचभरही परदेशी घेणार नाही. सोळा वर्षांत टाचणी त्याज्य वस्तूंतून निघून बाजाराच्या यादीत आली. कुणी याला विसंगती म्हणेल. आम्हांला तो कमावलेला विवेक वाटतो: कोणती वस्तू हिरावली गेली आणि कोणती नुसतीच विकत घेतली जाते, यांतला फरक त्यांना मधल्या वर्षांत सापडला होता. कापसाच्या मागे कोट्यवधी कातणारे-विणणारे होते. टाचणीच्या मागे कुणी नव्हते.

पहिल्या महायुद्धात जर्मन माल थांबला तेव्हा त्या जागी जपानी माल शिरला. १९२२ पर्यंत सर्वसाधारण जकात पंधरा टक्क्यांवर गेली होती. जमशेदपूरचे पोलाद १९१२ पासून निघत होते. अजमेरच्या रेल्वे कारखान्यात तर १८९५ सालीच आगगाडीचे इंजिन तयार झाले होते. इंजिन बनवणाऱ्या देशाने सुई बाहेरून आणावी हे विचित्र वाटते खरे. पण इंजिन एकेक बनवता येते, सुई एकेक बनवून परवडत नाही. निलगिरीतील केट्टी येथे सुयांचा जो मोठा कारखाना उभा राहिला, त्याची कंपनी १९४९ साली स्थापन झाली, आणि तीही रेडिचला लागून असलेल्या स्टडली गावच्या इंग्रज कंपनीची शाखा म्हणून. व्यासपीठावरच्या त्या वाक्यात तथ्य किती, याचा विचार करताना हे साल ध्यानात ठेवावे.

त्या कारखान्याची पुढची कथा न्यायालयात गेली. परकीय चलनाच्या १९७३ च्या कायद्याने परदेशी भागधारकांचा वाटा चाळीस टक्क्यांवर आणणे भाग पडले, आणि नवे भाग कुणाला व कसे द्यायचे यावरून भारतीय आणि इंग्रज भागधारकांत वाद झाला. १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने त्याचा निकाल दिला तो सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांच्या लेखणीतून. इंग्रज पक्षाला भरपाई मिळाली, कारभार भारतीय भागधारकांकडे राहिला. कायद्याचे विद्यार्थी आजही तो खटला कंपनी कायद्याच्या तासाला वाचतात, आणि त्यांच्या तोंडी त्याचे नाव ‘नीडल इंडस्ट्रीज’ असे असते. या एका ठिकाणी सुईला मराठी वर्गातही इंग्रजी नाव आहे. आणि ते आले तेव्हा सुई देशात बनू लागून तीस वर्षे झाली होती.