तिलिस्म: एका काल्पनिक विद्येचे राज्य

‘तिलिस्म’ या शब्दाला मराठी प्रतिशब्द शोधू लागले की दरवेळी तीच अडचण येते. जादू, चेटूक, करणी, इंद्रजाल, माया: आपल्याकडे शब्दांचा तुटवडा नाही. पण करणी कुणावर तरी केली जाते, चेटूक कुणाच्या तरी मागे लागते, इंद्रजाल पाहणाऱ्याच्या डोळ्यांपुरते असते. तिलिस्म मात्र जागा आहे. तिथे शहरे, बागा, बाजार, सैन्य आणि दरबार आहेत. माणसे तिथे राहतात, प्रेमात पडतात, राज्य करतात. ग्रीक ‘तेलेस्मा’वरून अरबीत आलेला हा शब्द, इंग्रजीतला ‘टॅलिस्मन’ त्याच घराण्यातला. गळ्यातल्या ताइताचा हा भाऊबंद उर्दू दास्तानीत अख्खा देश झाला.

हमजाची दास्तान फारसीतून हिंदुस्थानात आली. अकबराने तिची सुमारे १४०० चित्रे कापडावर करून घेतली. त्या कामाला जवळजवळ पंधरा वर्षे लागली. पुढे ती उर्दूत, दास्तानगोंच्या तोंडी वाढली आणि लखनौच्या नवल किशोर छापखान्याने तिचे ४६ जाडजूड खंड काढले. त्यातला सर्वांत गाजलेला भाग ‘तिलिस्म-ए-होशरुबा’. मुहम्मद हुसेन जाह यांनी लिहिलेला त्याचा पहिला खंड १८८३चा. उरलेली कथा अहमद हुसेन कमर यांनी पुरी केली. फारसी मुळात या भागाचा पत्ता नाही. म्हणजे ही विद्या आपल्याकडेच रचली गेली.

होशरुबाचा बादशहा अफरासियाब. त्याच्या राज्याचे तीन भाग: जाहिर म्हणजे उघड, बातिन म्हणजे गुप्त आणि जुलमात म्हणजे अंधाराचा. उघड आणि गुप्त प्रदेशांच्या मध्ये रक्ताची नदी वाहते. दरबारातली प्रतिष्ठा कुळापेक्षा विद्येवर ठरते, त्यामुळे स्त्रियांना तिथे मोठे स्थान आहे. राणी हैरतची बहीण बहार आपल्या जादूने रणांगणावर वसंत आणते. समोरचे सैन्य वेडावून तिच्या मागे चालू लागते. जादूगार मेला की अंधारून येते, दगडांचा वर्षाव होतो आणि मेलेल्याचे नाव आकाशातून पुकारले जाते. त्याने जादूने उभे केलेले त्याच्याबरोबरच विरते.

मला सर्वांत विलक्षण वाटतो तो या विद्येचा कायदा. तिलिस्म बांधणाराच त्याची किल्लीही करून ठेवतो. ‘लौह’ नावाची एक पाटी असते, तिच्यावर तिलिस्म मोडण्याची रीत लिहिलेली असते. तो कोण मोडणार हेही ठरलेले असते. होशरुबासाठी तो मान हमजाचा नातू असद याचा. अफरासियाबला हे सारे ठाऊक आहे. आपल्या अंताचा लेख राज्यातच कुठेतरी जपलेला आहे, हे माहीत असूनही तो राज्य करतो, लढतो, रुसतो, मेजवान्या देतो. म्हणून तो निव्वळ खलनायक उरत नाही.

त्याच्याविरुद्ध उभा राहतो अमर ऐयार. याच्यापाशी मंत्र नाहीत. वेशांतर, बेशुद्धीचे औषध, चपळ पाय, आणि जग मावेल अशी झोळी, जंबील. ती झोळी दैवी देणगी आहे खरी, पण अमरचा भरवसा अकलेवर. सर्वशक्तिमान सत्तेला तो स्वयंपाकी, गायिका, म्हातारी बनून हरवतो. १८५६मध्ये अवधचे राज्य गेले, पुढच्याच वर्षी लखनौ बंडात होरपळले. त्याच शहरात ही पाने छापली गेली. अफरासियाब म्हणजे इंग्रज, असे सरळ समीकरण मी मांडणार नाही. दास्तान त्याहून जुनी आणि खट्याळ आहे. तरी अजिंक्य दिसणाऱ्या सत्तेची किल्ली तिच्याच पोटात असते, हे त्या श्रोत्यांना नुसते मनोरंजन वाटले असेल का?

थोड्याच वर्षांत बनारसला देवकीनंदन खत्रींनी ‘चंद्रकांता’ लिहिली. ती वाचता यावी म्हणून अनेकजण नागरी लिपी शिकले, असे हिंदीत आवर्जून सांगितले जाते. खत्रींनी ऐयार ठेवले, तिलिस्मही ठेवला, पण त्यातली जादू काढून घेतली. त्यांचा तिलिस्म म्हणजे पूर्वजांनी खजिन्यासाठी बांधलेली वास्तू: कळी, चोरदरवाजे, यंत्रे, रसायने. नव्या वाचकाला चमत्कार हवा होता, आणि त्याचे कारणही. ते मिळाले, मात्र जादूगारांचा समाज नाहीसा झाला. यंत्राला बहारसारखी बाजू बदलता येत नाही. ती अफरासियाबला सोडून बंडखोरांना मिळते, तेव्हा आपली विद्या बरोबर घेऊन येते.

मराठीतही त्याच शतकात ‘मुक्तामाला’ आणि ‘मंजुघोषा’ या अद्भुतरम्य कादंबऱ्या आल्या. पुढे वास्तववादाची वाट रुंद झाली आणि त्या बालिश ठरल्या. दास्तानीच्याही वाट्याला असेच आले. दिल्लीचे मीर बाकर अली १९२८मध्ये गेले आणि दास्तानगोईची परंपरा खंडित झाली. शम्सुर्रहमान फारुकी यांनी विखुरलेले खंड जमवून तिचे शास्त्र मांडले. त्यांच्या प्रेरणेने महमूद फारुकी यांनी २००५पासून ती पुन्हा रंगमंचावर आणली.

म्हणून भाषांतरात मी ‘तिलिस्म’ तसाच ठेवते. ‘मायानगरी’ म्हटले की ती आधीच खोटी ठरते. मोडायला काही उरत नाही. होशरुबा खरा आहे असे धरून चालले, तरच त्याची किल्ली शोधण्यात अर्थ आहे.