औरंगाबादचा हेरिटेज वॉक : पाणचक्की ते शहागंज, पायी

घरी पाहुणे आले की आपला कार्यक्रम ठरलेला असतो. सकाळी रिक्षाने बीबी का मकबरा, तिथून दहा मिनिटं पाणचक्की, फोटो, आणि दुसऱ्या दिवशी वेरूळ-खुलताबाद. झालं औरंगाबाद. मध्ये जे जुने शहर आहे ते आपण रिक्षातून ओलांडतो. दरवाज्याखालून जाताना हॉर्न वाजवतो, एवढाच त्याच्याशी संबंध.

आठवीच्या वर्गात मी एकदा विचारले, जामा मस्जिद कुणी पाहिली आहे? सगळे हात वर. मग विचारले, पुढच्या बाजूला कमानी किती? एकही हात वर नाही. दर जुम्याला तिथे जाणारी मुले होती ती. त्यानंतर मी मुलांना, आणि जमेल तसे पालकांनाही, रविवारी सकाळी जाणकार माणसासोबत पायी फिरवायला सुरुवात केली. यालाच हल्ली हेरिटेज वॉक म्हणतात. शहरात इतिहासाचे अभ्यासक असे वॉक अधूनमधून घेतात, बहुधा हिवाळ्यात. कुणी नसेल तर घरातल्या घरातही करता येतो. त्यासाठी ही माहिती.

आधी शहराचा थोडक्यात हिशेब. इथे खडकी नावाचे गाव होते. अहमदनगरच्या निजामशाहीचा वजीर मलिक अंबर याने १६१० मध्ये इथे शहर वसवले. १६२६ मध्ये तो वारला, त्याचा मुलगा फत्तेखान याने नाव ठेवले फतेहनगर. १६५३ मध्ये औरंगजेब दुसऱ्यांदा दख्खनचा सुभेदार होऊन आला तेव्हा औरंगाबाद झाले, आणि २०२३ पासून सरकारी नाव छत्रपती संभाजीनगर आहे. मुले एक गोंधळ हमखास करतात. निजामशाही म्हणजे अहमदनगरची, आणि हैदराबादचा निजाम म्हणजे आसफजाही घराणे. या दोघांचा एकमेकांशी संबंध नाही. आसफजाही राजधानीही आधी इथेच होती, १७६३ च्या सुमारास ती हैदराबादला गेली.

वॉकची सुरुवात पाणचक्कीपासून करावी असे माझे मत आहे, कारण हे शहर पाण्यावर उभे राहिले आहे. कोरड्या पठारावर, खाम नदीसारख्या लहान नदीच्या काठी एवढी वस्ती जगली कशी, याचे उत्तर इथे डोळ्यांना दिसते.

आवारात शिरले की समोर लांबलचक हौज आणि एका उंच भिंतीवरून त्यात पडणारे पाणी. पहिल्याच वॉकला एका मुलाने विचारले, "मॅडम, मोटर कुठंय?" मोटर नाही. उत्तरेच्या डोंगरात, शहरापेक्षा उंचावर पाण्याचा उगम. तिथून जमिनीखालून मातीच्या भाजलेल्या नळ्या आणल्या. बंद नळीतले पाणी आपल्या उगमाच्या पातळीपर्यंत चढायला बघते, हे आपण सातवी-आठवीत शिकतो. शेवटच्या टोकाला उंच खांबासारखे बांधकाम केले की पाणी आपोआप वर चढते आणि तिथून हौजात कोसळते. त्या पाण्याच्या जोरावर खाली पात्यांचे चाक फिरते आणि चाकाबरोबर जात्याचा दगड. खानकाहमधले दरवेश, मुसाफिर, शिकणारी मुले, सगळ्यांचे पीठ या जात्यावर निघत असे. प्रयोगशाळेत वाकड्या नळीत रंगीत पाणी घालून मी हा धडा कित्येक वर्षे शिकवला. इथे तो तीनशे वर्षांपूर्वी बांधून ठेवला आहे.

हौजाखाली जायचे विसरू नका. हौजाचा तळ म्हणजेच खालच्या मोठ्या दालनाचे छत. डोक्यावर पाणी असल्याने भर मे महिन्यातही आत गारवा असतो. ही सगळी वास्तू बाबा शाह मुसाफिर (रह.) यांच्या दर्गाहचा भाग आहे. बुखाऱ्याकडून आलेले हे नक्शबंदी सिलसिल्याचे बुजुर्ग. त्यांचे पीर बाबा पलंगपोश यांचीही मजार इथेच आहे. वक्फ मंडळाचे कार्यालयही याच आवारात आहे, म्हणजे ही जागा नुसते पर्यटनस्थळ नाही हे मुलांना आधीच सांगावे. मजारजवळ आवाज कमी, आणि फोटो विचारून.

इथे एक दुरुस्ती. बरेच गाइड पाणचक्कीच्या नहरेलाच नहर-ए-अंबरी म्हणतात. तसे नाही. अंबरी नहर त्याआधीची, मलिक अंबरने १६१७-१८ च्या सुमारास बांधलेली. डोंगराच्या पायथ्याशी जमिनीखाली भुयारासारखी वाट खोदून भूजल गोळा करायचे, ते उताराने शहरात आणायचे, आणि वाटेत ठिकठिकाणी हवा जायला व साफसफाईला उभ्या विहिरींसारखी तोंडे ठेवायची. हीच पद्धत घेऊन पुढे आणखी नहरी झाल्या, पाणचक्कीची त्यातलीच. सांगतात की अंबरच्या दरबारात या योजनेची थट्टा झाली होती. ती झाली की नाही ते बाजूला ठेवू, पण नहर चालली आणि कित्येक पिढ्या चालली एवढे नक्की. आमच्या एका विद्यार्थिनीच्या नानी त्यांच्या लहानपणी मोहल्ल्याच्या हौजातून नहरेचे पाणी भरत असत. त्या वॉकला आल्या तेव्हा गाइडपेक्षा त्यांच्याभोवती गर्दी जास्त होती.

आज अंबरी नहरेची अवस्था चांगली नाही. घराच्या पायासाठी, रस्त्यासाठी, ड्रेनेजसाठी खोदताना नळ्या फुटल्या, तोंडे बुजली, काहींवर बांधकामे झाली. ती जमिनीखाली असल्याने गेली तरी कुणाला दिसत नाही. मकबऱ्याचा एक तुकडा पडला तर बातमी होते. नहरेचा तुकडा गेला तर फक्त जेसीबीवाल्याला कळते, आणि त्याला ते काय आहे हे माहीत नसते. आपल्या अंगणात, गल्लीत जुनी गोल तोंडे किंवा मातीच्या जाड नळ्या सापडल्या तर बुजवण्याआधी फोटो काढा, जागा लिहून ठेवा आणि पुरातत्त्व खात्याला किंवा महापालिकेला कळवा.

पाणचक्कीला लागूनच महमूद दरवाजा आणि खामवरचा पूल. इथून शहरात शिरले की थोड्याच वेळात भडकल दरवाजा येतो. शहरातला हा सर्वांत भारदस्त दरवाजा. मलिक अंबरने मोगलांवरच्या विजयाची आठवण म्हणून १६१२ मध्ये तो बांधला. तटबंदी नंतरची आहे. ती औरंगजेबाच्या काळात, १६८२ च्या सुमारास मराठ्यांच्या हल्ल्यांपासून बचावासाठी उभी राहिली. म्हणजे भडकल दरवाजा हा तटाचा दरवाजा म्हणून जन्मलाच नव्हता. खाली उभे राहून छताकडे बघा, वाहतुकीला पाठ देऊन. शेजारी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा पुतळा आहे, आणि शहरातले कित्येक मोर्चे व सभा इथून सुरू होतात. ५२ दरवाज्यांचे शहर ही म्हण सगळ्यांना पाठ आहे. त्यात मोठ्या दरवाज्यांबरोबर लहान खिडक्याही मोजल्या जातात. उत्तरेला दिल्ली दरवाजा, पश्चिमेला मकाई म्हणजे मक्का दरवाजा, दक्षिणेला पैठण दरवाजा. दरवाज्याचे तोंड ज्या गावाकडे, त्याचे नाव. बरेचसे गेले, तट तर जवळजवळ संपलाच.

आता जामा मस्जिद, आमखास मैदानाजवळ. इथे वेळ काढा. इमारत बुटकी आणि लांब आहे, त्यामुळे लांबून फार काही वाटत नाही. आत पाच रांगांत ५० बहुकोनी दगडी खांब आहेत आणि त्यांच्यावर कमानींनी जोडलेले छोटे घुमट. आणि पुढच्या कमानी? नऊ. त्यातल्या पाच मलिक अंबरच्या, १६१२ च्या. उरलेल्या चार औरंगजेबाने वाढवल्या.

मी मुलांना इथे बसवते आणि मलिक अंबर कोण ते सांगते. इथिओपियातला मुलगा, गुलाम म्हणून विकला गेला, एकदा नाही, अनेकदा. हातोहात फिरत अहमदनगरला पोचला, सैनिक झाला, सेनापती झाला, वजीर झाला. जहांगीराच्या फौजांना त्याने वर्षानुवर्षे दख्खनमध्ये अडवून धरले. त्याच जहांगीराच्या नातवाने, शहर हाती आल्यावर, अंबरची मस्जिद पाडून नवी बांधली नाही. त्याच सफीला चार कमानी जोडल्या. एका मुलीने विचारले, "मग मस्जिद कुणाची म्हणायची?" तिच्या शेजारणीने लगेच सांगितले, "अल्लाहची." हशा झाला. मी दोघींना घरून पाच आणि चारमधला फरक शोधून आणायला सांगितले. अंबरने बांधलेल्या मस्जिदी अजूनही आहेत, जुन्या बाजारातली काळी मस्जिद त्यातलीच. त्याची स्वतःची कबर खुलताबादला आहे.

बायका-मुलींना घेऊन जाताना एक गोष्ट. काही मस्जिदींत आतपर्यंत जाऊ देतात, काहींत सहनापर्यंतच. आधी इमामसाहेबांना किंवा मुतवल्लींना फोन करून विचारलं तर दारात अवघड होत नाही. मी दोन वेळा न विचारता गेले आणि दोन्ही वेळा बाहेर उभी राहिले. गटात गैरमुस्लिम पाहुणे असतील तर तेही आधीच सांगावे. माझा अनुभव असा की सांगितल्यावर बहुतेक ठिकाणी चहासुद्धा मिळतो. वॉक फज्रनंतर थोड्या वेळाने सुरू करून जुहरच्या बऱ्याच आधी संपवावा. जुम्याचा दिवस टाळावाच.

पुढे सिटी चौक. इथली चौक मस्जिद १६६५ ची, शाइस्ताखानाच्या नावावर. मुले चमकतात. "तोच? बोटंवाला?" हो, तोच. पुण्याच्या लाल महालातला, आपल्या चौथीच्या पुस्तकातला. औरंगजेबाचा मामा. पुस्तकातला माणूस आपल्या रोजच्या बाजारात सापडला की इतिहासाचा विषय एकदम जवळचा होतो. या मस्जिदीचे जोते उंच आहे आणि त्यात बाहेर तोंड केलेली दुकाने आहेत. वर नमाज, खाली बाजार, आणि भाड्यातून मस्जिदीचा खर्च, अशी जुन्या शहरांतली रीत. शहागंजची मस्जिदही याच रीतीची, १७२० च्या सुमाराची. तिथे घड्याळाचा मनोरा आहे, गर्दी आहे, आणि वॉक संपवायला नाश्त्याची सोय आहे. सकाळी नान-कलिया मिळाला तर उत्तमच.

मकबरा या पायी वाटेवर येत नाही. तो वेगळा करावा, आणि 'गरिबांचा ताज' हे शब्द घरी ठेवून जावा. ही कबर दिलरस बानू बेगमची. ती १६५७ मध्ये वारली. दरवाज्यावरच्या लेखात दोघांची नावे आहेत, वास्तुकार अताउल्लाह आणि अभियंता हंसपत राय. अताउल्लाह हा ताजच्या उस्ताद अहमद लाहोरीचा मुलगा. खर्चाचा आकडा ६,६८,२०३ रुपये ७ आणे असा सांगितला जातो. प्रवासी तावेर्निए याने सुरतेहून गोवळकोंड्याला जाताना संगमरवराने लादलेल्या सुमारे ३०० गाड्या पाहिल्या, सर्वांत लहान गाडीलाही १२ बैल होते. भिंतीला हात लावून बघा. खाली कमरेएवढा संगमरवर, मग चुन्याचा गुळगुळीत गिलावा, आणि वर घुमट पुन्हा संगमरवराचा. हा चुना दख्खनी कारागिरांचा आहे, तो जवळून बघण्यासारखा आहे.

आणि एक गणित मुलांना जरूर घाला. अनेक पुस्तकांत मकबरा शहजादा आझमशाहने आईसाठी बांधला असे लिहिलेले असते. आझमशाहचा जन्म १६५३ चा. इमारत १६६०-६१ ची मानतात. तेव्हा त्याचे वय काय? सात-आठ वर्षे. नंतर त्याने डागडुजी केली असेल, पण बांधली असे म्हणताना थांबावे लागते. गाइड कितीही चांगला असो, मुलांना एवढे विचारायला शिकवा, "हे आपल्याला कुठून कळलं?" मागच्या वर्षी एका गाइडने नहरेचे तोंड दाखवून हे भुयार थेट दौलताबादच्या किल्ल्यात जाते असे सांगितले. आमच्या सहावीतल्या मुलाने विचारले, "मग त्यात पाणी का आहे?"

सोबत न्यायचे ते एवढेच: पाण्याची बाटली, टोपी किंवा ओढणी, काढायला-घालायला सोपी चप्पल, मकबरा आणि पाणचक्कीच्या तिकिटाला सुट्टे पैसे, आणि एक वही. मोबाईलमध्ये फोटो राहतात, पण कमानी मोजायला वहीच बरी. दहा-बारापेक्षा जास्त माणसे नकोत, सिटी चौकात हरवतात. महिने ऑक्टोबर ते फेब्रुवारी. लहान मूल आणि वयस्कर माणसे असतील तर पाणचक्की, भडकल आणि जामा मस्जिद एवढेच एका सकाळी पुरे. चौक आणि शहागंज पुढच्या रविवारी.